हे दगड काय सांगतात?



प्रायश्चित्तकाळ आला की आपण स्वतःच्या वागण्याची उजळणी करतो, कुमसाराला जातो आणि मन हलके करून घरी येतो. हे कुमसार ज्याचे त्याचे असते. शेजाऱ्याच्या पापाचे कुमसार आपण करत नाही आणि फादरही ते ऐकून घेणार नाहीत. पण एखाद्या समाजाकडून, एखाद्या शहराकडून पाप घडले असेल तर त्याचे काय? ते करणारे मरून शेकडो वर्षे झाली. ज्यांनी सोसले तेही राहिले नाहीत. मग ते पाप आपोआप मिटले असे समजायचे, की त्याविषयी आज कोणी काही बोलायला हवे? या रविवारी या प्रश्नाचा थोडा विचार आपण मिळून करावा असे आम्हाला वाटते.

यहोशवाच्या पुस्तकाच्या चौथ्या अध्यायात एक प्रसंग आहे. इस्राएल लोक यार्देन नदी ओलांडून गेले तेव्हा देवाच्या आज्ञेवरून त्यांनी नदीच्या पात्रातून बारा धोंडे उचलून आणले, प्रत्येक वंशासाठी एक, आणि ते गिलगाल येथे उभे केले. कशासाठी? पुढे मुले आपल्या वडिलांना विचारतील की या धोंड्यांचा अर्थ काय, तेव्हा त्यांना घडलेली हकिगत सांगता यावी म्हणून. धोंडा जागच्या जागी राहतो, पण हकिगत माणसालाच सांगावी लागते. वडील गप्प बसले तर मुलांच्या दृष्टीने तो नुसता धोंडा राहतो, किंवा कोणीतरी वाटेवरचा येऊन त्याला हवी तशी हकिगत सांगून जातो.

आपल्या दोडामार्गाला गोव्याची हद्द हाकेच्या अंतरावर आहे. कामधंद्याला, बाजाराला, बांबोळीच्या हॉस्पिटलात आपले जाणे-येणे चालूच असते. २००५ साली आपला सिंधुदुर्ग धर्मप्रांत स्वतंत्र झाला आणि सावंतवाडीचे मिलाग्रीस चर्च कॅथेड्रल झाले, तरी २००६ पासून आपला धर्मप्रांत गोव्याच्याच धर्मपरिवारात आहे. नोव्हेंबर २०२४ ते जानेवारी २०२५ या काळात जुन्या गोव्यात संत फ्रान्सिस झेवियर यांच्या पवित्र अवशेषांच्या दर्शनाचा सोहळा झाला, तेव्हा आपल्यापैकी बरेच जण गेले असतील. रांगेत उभे राहून, दर्शन घेऊन, से कॅथेड्रलच्या अंगणात डबा खाऊन आपण परत आलो. त्या अंगणात आपल्या भोवती जे दगड उभे होते, त्यांच्याविषयी बोलू या.

मांडवीच्या धक्क्यावरून शहरात शिरताना व्हाइसरॉयची कमान लागते. १५९९ मध्ये वास्को द गामाच्या पणतवाने ती बांधवली. नदीच्या बाजूला वास्को द गामाची मूर्ती आहे. कमानीखालून पलीकडे जाऊन मागे वळून पाहिले तर शहराच्या बाजूला हातात तलवार घेतलेली एक स्त्री दिसते आणि तिच्या पायाखाली एक माणूस पडलेला दिसतो. ती संत कॅथरिन असे सांगतात आणि पायाखालचा माणूस म्हणजे जिंकलेला इथला राजा. ही कमान मध्ये पडली होती, ती १९५४ मध्ये पुन्हा बांधली. पायाखालचा माणूस तसाच राहिला.

संत कॅथरिनच का? कारण आफोन्सो द अल्बुकर्कने विजापूरच्या आदिलशहाकडून हे शहर जिंकले तो दिवस २५ नोव्हेंबर १५१०, म्हणजे त्या संतिणीच्या सणाचा दिवस होता. त्या विजयानंतर शहरातल्या मुसलमानांची सरसकट कत्तल झाली. अल्बुकर्कने ती लपवली नाही. आपल्या राजाला पाठवलेल्या पत्रात त्याने ती अभिमानाने लिहिली. आपले से कॅथेड्रल त्याच संत कॅथरिनला वाहिलेले आहे. ती बिचारी स्वतः सत्तेच्या हातून छळ सोसून मेलेली रक्तसाक्षी. तिचे नाव एका कत्तलीच्या दिवसाशी जोडले गेले, त्यात तिचा काय दोष?

पुढे संत कायतानचे देखणे चर्च आहे. त्याच्या आवाराबाहेर एक एकटी दगडी चौकट उभी आहे. ना पुढे भिंत, ना मागे. आदिलशहाच्या वाड्याचा तेवढाच दरवाजा शिल्लक आहे. त्या वाड्यात आधी पोर्तुगीज व्हाइसरॉय राहत आणि पुढे १५६० पासून तिथे इन्क्विझिशनचे धर्मन्यायालय बसले. ते १८१२ पर्यंत चालले, मध्ये १७७४ ते १७७८ एवढीच काय ती विश्रांती. नंतर ती इमारत पाडून टाकली आणि बहुतेक कागदपत्रेही नष्ट केली. ज्या जागेच्या नावाने अडीचशे वर्षे लोक चळचळा कापत, तिथे आज गवत आणि वाट आहे. दर्शनाला आलेले लोक त्यावरून चालत जातात.

गावाबाहेरच्या रस्त्यात काळ्या दगडाचा एक खांब आहे. लोक त्याला हातकातरो खांब म्हणतात. मुळात तो एखाद्या देवळाचा खांब असावा आणि पोर्तुगीजांनी तो अपराध्यांना बांधून शिक्षा करण्यासाठी वापरला, असे मानतात. त्याच्याभोवती पुष्कळ कथा जमल्या आहेत. त्या साऱ्याच पुराव्याला उतरतील असे नाही. पण एक ध्यानात घ्यावे. जिथे घरचे लोक खरी हकिगत सांगत नाहीत, तिथेच कथा वाढतात.

इन्क्विझिशनने केले तरी काय? उरलेल्या याद्यांवरून अभ्यासकांनी गोव्यातील सोळा हजारांहून अधिक खटले मोजले आहेत. जिवंत जाळलेल्यांची संख्या त्या मानाने थोडी होती. बाकीच्यांच्या वाट्याला कैद, फटके, सक्तमजुरी, मालमत्तेची जप्ती आणि चारचौघांत बेअब्रू आली. शिक्षा सुनावण्याचा दिवस मोठ्या समारंभाचा असे. शार्ल देलाँ नावाचा एक फ्रेंच वैद्य, स्वतः कॅथलिक, या तुरुंगात होता. १२ जानेवारी १६७६ रोजी त्याला इतर कैद्यांबरोबर अनवाणी, हातात मेणबत्ती देऊन शहरातून फिरवले आणि असिसीच्या संत फ्रान्सिसच्या चर्चमध्ये शिक्षा वाचून दाखवली. गरिबांच्या आणि पाखरांच्या त्या संताच्या घरात! देलाँ पुढे सुटला आणि १६८७ मध्ये त्याने आपली हकिगत छापली, म्हणून ती आज आपल्याला ठाऊक आहे.

आता आपल्याला महत्त्वाची गोष्ट. या न्यायालयापुढे कोण उभे राहत? सुरुवातीला पोर्तुगालहून आलेले, मूळ ज्यू घराण्यांतले नवे ख्रिस्ती होते. वैद्यराज गार्सिया द ओर्ता त्यांच्यापैकी. इथल्या औषधी वनस्पतींवरचा त्यांचा ग्रंथ १५६३ मध्ये गोव्यातच छापला गेला. ते १५६८ मध्ये वारले. दुसऱ्याच वर्षी त्यांच्या बहिणीला जाळले आणि १५८० मध्ये त्यांची स्वतःची हाडे थडग्यातून काढून जाळली. आज पणजीत चर्चसमोरच्या चौकातल्या बागेला त्यांचेच नाव आहे. संध्याकाळी मुले तिथे खेळतात. त्यांपैकी किती जणांना ठाऊक असेल, की ज्याच्या नावाची ही बाग आहे त्याची हाडेसुद्धा इथल्या राज्याने मातीत राहू दिली नव्हती?

पुढे पुढे मात्र बहुतेक आरोपी इथलेच, या मातीतले बाप्तिस्मा घेतलेले कॅथलिक होते. त्यांचा गुन्हा काय, तर जुन्या चालीरीती सुटल्या नाहीत. १७३६ च्या एका फर्मानात तर लांबलचक यादीच आहे. लग्नात गाणी-वाजंत्री नको, हळद लावू नये, विडे वाटू नयेत, दारात तुळस लावू नये, अमुक कपडे घालू नयेत. आपण आजही लग्नाच्या आदल्या दिवशी नवरा-नवरीला नारळाचा रोस लावतो. सुवासिनी जमतात, जुनी गाणी म्हणतात. म्हणजे ज्या गोष्टी पुसून टाकण्यासाठी एक आख्खे न्यायालय बसले होते, त्यांपैकी काही आपल्या आजी-पणजींनी गुपचूप जपल्या आणि आपल्या हाती दिल्या. अंगणातला खुरीसही पाहा. हिंदू शेजाऱ्याच्या अंगणात जिथे वृंदावन असते तिथेच आपला खुरीस, त्याच घडणीचा चौथरा, दिवा लावायला तसाच कोनाडा. जुन्या शहराच्या दगडांत जी आठवण आहे, ती आपल्या अंगणातही आहे. गोव्यातून कित्येक ख्रिस्ती कुटुंबे हद्द ओलांडून सावंतांच्या मुलखात आली. कोणी युद्धामुळे, कोणी करांमुळे, कोणी साथीमुळे, तर कोणी या न्यायालयाच्या धाकाने. इथल्या हिंदू राजाने त्यांना जागा दिली आणि आपली चर्च उभी राहू दिली.

तेव्हा आपण कोणाचे वारस? न्यायासनावर बसलेले आपल्याच चर्चचे अधिकारी होते आणि समोर मेणबत्ती घेऊन अनवाणी उभे असलेलेही आपलेच होते. आपण दोघांचेही वारस आहोत. यामुळे आपला प्रश्न जरा अवघड होतो. आपल्याला फक्त आरोपीच्या बाजूला उभे राहून रडता येत नाही आणि फक्त न्यायाधीशाच्या बाजूला उभे राहून मान खाली घालून मोकळेही होता येत नाही.

कोणी म्हणेल, आम्ही तर कोणालाही जाळले नाही, मग आमचा काय संबंध? या म्हणण्यात तथ्य आहे. संदेष्टा यहेज्केल अठराव्या अध्यायात ठामपणे सांगतो की बापाच्या अधर्माचा भार मुलावर पडणार नाही; ज्याचे पाप त्याच्या माथी. म्हणून आजच्या कोणाही ख्रिस्ती माणसाला चारशे वर्षांपूर्वीच्या गोष्टीसाठी कोणी अपराधी ठरवत असेल, तर ते देवाच्या न्यायात बसत नाही. हे आपण निर्भयपणे सांगावे.

पण त्याच पवित्र शास्त्रात नहेम्याच्या पुस्तकाचा नववा अध्याय आहे. यरुशलेमची पडलेली तटबंदी पुन्हा उभी राहिली होती. तेव्हा लोक गोणपाट नेसून, डोक्यावर माती घेऊन एकत्र जमले आणि त्यांनी आपल्या पापांबरोबर आपल्या वाडवडिलांच्या अधर्माचीही कबुली दिली. आधी कोट बांधला, मग कबुली दिली. नुसता दगडावर दगड चढवून नगर उभे राहत नाही हे त्यांना कळले होते.

मग यहेज्केल खरा की नहेम्या? आम्हाला वाटते दोघेही खरे, आणि हे समजायला आपल्या सातबाऱ्याचा उतारा पुरेसा आहे. वडील गेले की वारसनोंद होते आणि जमीन मुलांच्या नावे चढते. काजूची झाडे येतात, माड येतात, विहीर येते. पण उताऱ्यावर इतर हक्कात बोजा असेल तर तोही येतो. कर्ज मुलाने काढलेले नसते. त्याबद्दल त्याला कोणी लबाड म्हणणार नाही. पण झाडे माझी आणि बोजा वडिलांचा, असे तो तलाठ्याला सांगू शकत नाही. जमीन घेतली की बोजाही आपला.

आपल्या श्रद्धेचा वारसाही असाच आहे. त्यात काय काय आले ते पाहा. १५५६ मध्ये गोव्यात छापखाना आला, भारतातला पहिला. रुग्णांची सेवा आली, शाळा आल्या. फादर स्टीफन्स यांचे मराठीतले ख्रिस्तपुराण १६१६ मध्ये छापले गेले. त्या जुन्या छापील प्रतींपैकी आज एकही उरलेली नाही. भाविकांनी हाताने नकला करून ठेवल्या म्हणून ते टिकले आणि १९०७ मध्ये मंगळूरला पुन्हा छापता आले. एका परक्या धर्मगुरूने आपल्या भाषेवर इतकी माया केली, आणि १६८४ मध्ये पोर्तुगीज व्हाइसरॉयने लोकांची भाषा बंद करण्याचा हुकूम काढला. दोन्ही गोष्टी एकाच शतकातल्या. स्टीफन्स आमचे आणि तो हुकूम मात्र दुसऱ्या कोणाचा, असे म्हणता येणार नाही.

आणखी अवघड गोष्ट म्हणजे आपले लाडके संत फ्रान्सिस. १६ मे १५४६ रोजी त्यांनी पोर्तुगालच्या राजाला पत्र लिहून गोव्यात इन्क्विझिशन पाठवावे अशी विनंती केली होती. ते १५५२ मध्ये वारले आणि न्यायालय आले १५६० मध्ये. तिथे जे घडले ते त्यांनी पाहिले नाही की केले नाही. ज्यांनी आजाऱ्यांचे मलमूत्र उपसले, हातात घंटी घेऊन रस्त्यात मुलांना गोळा केले, पोर्तुगीज अंमलदारांच्या लोभाविषयी राजाला खडसावले, तेच हे संत. ते आपल्या काळाच्या समजुतीतून सुटले नव्हते, एवढाच याचा अर्थ. संत पेत्रानेही तीनदा प्रभूला नाकारले होते आणि शुभवर्तमान लिहिणाऱ्या चौघांनीही ते लपवले नाही. म्हणून पेत्राविषयीची आपली भक्ती कमी झाली का? २०२४ च्या दर्शनाआधी संत फ्रान्सिस यांच्यावरून गोव्यात वादंग माजले, लोक रस्त्यावर उतरले. आपली मने दुखावली हे खरेच. पण त्या पत्राची हकिगत आपल्या मुलांना पहिल्यांदा आपल्याकडून, प्रेमाने, सबंध संदर्भासह कळली असती, तर बाहेरच्या कोणी ती फेकून मारल्यावर त्यांना तेवढी लागली नसती.

इथेच दुसरी शंका येते. आपण थोडे लोक आहोत. दिवस बरे नाहीत. असे काही आपणच बोललो तर ते आपल्यावर उलटवले जाईल. २०२२ मध्ये गोवा सरकारने पोर्तुगीज काळात पाडलेल्या देवळांच्या पुनर्बांधणीसाठी वीस कोटी रुपयांची तरतूद केली, तेव्हा कित्येक चर्चमध्ये ही धास्ती बोलून दाखवली गेली असेल. ही भीती खोटी नाही. तिची टर उडवू नये. इतिहासाचा दगड करून तो शेजाऱ्याच्या घरावर मारणारे लोक सगळीकडे असतात. पण विचार करा. जे आपण आधीच कबूल केले आहे, त्याचा धाक आपल्याला कोण आणि किती काळ घालणार? झाकून ठेवलेल्या गोष्टीचाच धाक घालता येतो. शिवाय जो स्वतः खरे बोलतो, त्यालाच खोटे खोडून काढण्याचा अधिकार मिळतो. सोळा हजार खटल्यांची गोष्ट आपण मान्य केली, तर कोणी लाखो बळींची आवई उठवल्यावर ते खरे नाही असे आपण सांगू शकतो. सत्य सांगायचे ते सबंध सांगावे, कमीही नाही आणि जास्तही नाही.

आपण काही नवीन करतो आहोत असेही नाही. १२ मार्च २००० रोजी, प्रायश्चित्तकाळाच्या पहिल्या रविवारी, पोप दुसरे जॉन पॉल यांनी रोममध्ये सर्व जगासमोर चर्चच्या लेकरांच्या गतकाळातील पापांची कबुली दिली. सत्याच्या सेवेच्या नावाखाली घडलेल्या पापांची कबुली कार्डिनल जोसेफ रात्झिंगर यांनी वाचली. तेच पुढे पोप सोळावे बेनेडिक्ट झाले. वृद्ध पोपमहोदय क्रुसाला बिलगले. त्याआधी १९६५ मध्ये दुसऱ्या व्हॅटिकन महासभेने स्पष्ट केले होते की धर्माच्या बाबतीत कोणावरही जबरदस्ती करता येत नाही. या कबुलीने चर्च लहान झाली नाही.

पोर्तुगालची राजधानी लिस्बन येथे संत दोमिनिकचे चर्च आहे. १५०६ मध्ये तिथून दंगल पेटून शहरातल्या मूळ ज्यू घराण्यांतल्या नव्या ख्रिस्ती लोकांना मारले गेले आणि पुढे तिथेच इन्क्विझिशनच्या शिक्षाही वाचल्या जात. १९५९ मध्ये ते चर्च आगीत जळाले. १९९४ मध्ये पुन्हा उघडले तेव्हा भिंतींना गिलावा करून त्या गुळगुळीत केल्या नाहीत. जळलेले, तडकलेले खांब तसेच दिसू दिले आणि त्यांच्यामध्ये रोज मिस्सा होते. २००८ मध्ये बाहेरच्या चौकात त्या मारल्या गेलेल्या लोकांचे स्मारक उभे राहिले.

एवढे लांब जायलाही नको. साष्टीतल्या कुंकळ्ळीची गोष्ट घ्या. जुलै १५८३ मध्ये तिथल्या गावकऱ्यांनी पाच येशूसंघीयांना ठार मारले, कारण त्याआधी पोर्तुगीज फौजेने त्यांची देवळे मोडली होती. पुढे तहाच्या बोलण्यासाठी गावच्या प्रमुखांना असोळणेच्या किल्ल्यात बोलावून पोर्तुगीजांनी दग्याने मारले. त्या पाच जणांना चर्चने १८९३ मध्ये धन्यवादित घोषित केले आणि कपेलही उभे राहिले. प्रमुखांसाठी मात्र चारशे वर्षे काहीच नव्हते. या शतकाच्या सुरुवातीला त्यांचेही स्मारक झाले. आज एकाच गावात दोन्ही आहेत, आणि गावातले कॅथलिक हे श्रद्धेने त्या धर्मगुरूंचे आणि रक्ताने त्या प्रमुखांचे वारस आहेत. एका स्मारकासमोर हात जोडण्यासाठी दुसरे पाडावे लागत नाही.

आणि अगदी आपल्या शेजारी, डिचोली तालुक्यात नार्व्याला सप्तकोटेश्वराचे देऊळ आहे. हा देव मुळात जुन्या गोव्यासमोरच्या दिवाडी बेटावरचा. १५४० मध्ये तिथले देऊळ मोडले. भक्तांनी देव नदीपलीकडे आणला आणि १६६८ मध्ये शिवाजी महाराजांच्या आज्ञेने तिथे देऊळ बांधले गेले. २०२३ मध्ये जीर्णोद्धार होऊन ते पुन्हा खुले झाले. आपले हिंदू शेजारी तिथे जातात तेव्हा देवाला नमस्कार करतातच, पण एका पळून आलेल्या कुटुंबाची आठवणही जपतात. आपले पूर्वजही याच वाटांनी आले होते. ज्या सत्तेने त्यांचा देव हलवला, तिच्याच धाकाने आपले पणजोबा-खापरपणजोबा हलले. हे दोघांनीही एकमेकांना सांगितले तर बोलणे वेगळेच होईल.

एक ताकीद मात्र आपण स्वतःला द्यायला हवी. जुन्या गोव्यात संत ऑगस्टिनच्या मठाचा अर्धा तुटका मनोरा उभा आहे. तो मठ मुसलमानांनी पाडला नाही की हिंदूंनी. पोर्तुगीज सरकारनेच १८३५ मध्ये धर्मसंघांना हाकलून दिले, मठ ओस पडला, १८४२ मध्ये छप्पर कोसळले आणि १९३१ मध्ये दर्शनी भाग पडला. राजाच्या तलवारीच्या आधाराने श्रद्धा वाढवू पाहणाऱ्यांना त्याच राजसत्तेने एक दिवस दाराबाहेर काढले. आज कोणतीही सत्ता कोणत्याही धर्माच्या पाठीशी तलवार घेऊन उभी राहत असेल, तर त्या धर्माच्या लोकांनी हा मनोरा जाऊन पाहावा. आणि आपणही आपल्या घरात डोकवावे. कोणाच्या श्रद्धेची परीक्षा घेणारे, चारचौघांत बेअब्रू करणारे न्यायालय आपल्या वाड्यांत अजून बसत नाही ना? लग्न जमवताना जात विचारली जाते, दुसऱ्या धर्मात लग्न केलेल्या मुलीला फेस्ताला बोलावले जात नाही, अशी उदाहरणे ज्याच्या त्याच्या डोळ्यांसमोर असतील. इमारत पाडून टाकली म्हणजे आतले न्यायाधीश संपतात असे नाही.

मग आपण करायचे काय? फार मोठे काही नाही. पुढच्या वेळी मुलांना घेऊन जुन्या गोव्याला जाल तेव्हा संतांचे दर्शन घ्या आणि नंतर संत कायतानजवळच्या त्या एकट्या चौकटीपाशी दोन मिनिटे थांबा. तिथे काय होते ते मुलांना सांगा आणि जे तिथे बंदिवासात होते त्यांच्यासाठी ‘आमच्या बापा’ म्हणा. घरातल्या म्हाताऱ्यांना आपले घराणे कुठून आले, का आले ते विचारा आणि वहीत लिहून ठेवा. ती माणसे गेली की ती पाने कायमची गेली. हिंदू किंवा मुसलमान शेजाऱ्याने या विषयावर प्रश्न विचारला तर रागावू नका, विषय टाळू नका. जेवढे खरे आहे तेवढे शांतपणे सांगा आणि त्याचेही ऐकून घ्या.

प्रभू येशू यरुशलेमजवळ आला तेव्हा शहर पाहून रडला, असे संत लूक सांगतो. त्या शहराने संदेष्ट्यांना मारले होते आणि थोड्याच दिवसांत ते त्यालाही मारणार होते. तरी तो तिथून निघून गेला नाही. रडून त्याच शहरात शिरला, कारण ते त्याचे होते. आपल्या जुन्या शहराकडेही आपण असेच पाहू या.

हे प्रभू, आमच्या पूर्वजांनी जे चांगले दिले त्यासाठी तुझे आभार. त्यांच्या हातून जे वाईट घडले ते आम्ही तुझ्यापुढे ठेवतो. ज्यांनी ते सोसले, मग ते कोणत्याही धर्माचे असोत, त्यांना तुझ्या शांतीत ठेव. आणि आमच्या मुलांनी या दगडांचा अर्थ विचारला, तर खरे सांगण्याचे धैर्य आम्हाला दे. आमेन.